पेटी तपासता, मग पेनड्राइव्ह का नाही?

एप्रिल उजाडला की रत्नागिरीच्या माणसाचा एक डोळा वाशीच्या बाजारावर असतो. कर्नाटकातला आंबा 'रत्नागिरी हापूस' म्हणून पेटीत भरला गेल्याची बातमी आली की इथं बैठका होतात, निवेदनं जातात, बागायतदार कारवाईसाठी अडून बसतात. बरोबरच आहे त्यांचं. मोहोर आल्यापासून फवारण्या, फुलकिडे, माकडं, अवकाळी पाऊस, राखणीच्या रात्री, एवढं सोसून जे फळ पेटीत जातं त्याच्या नावावर भलत्यानंच पैसे कमवायचे, ही चोरीच आहे. २०१८ साली कोकणातल्या हापूसला भौगोलिक मानांकन मिळालं ते या चोरीला आळा बसावा म्हणून. आता पेटीवर क्यूआर कोड लागतात आणि गिऱ्हाईक फोन धरून बाग कुणाची ते बघतं.

आंब्याचं मानांकन आणि चित्रपटाचा कॉपीराइट हे एकाच घरातले कायदे आहेत. पहिल्यासाठी रस्त्यावर उतरणारा हा जिल्हा दुसऱ्याकडे ढुंकूनही बघत नाही, हे मला पटत नाही.

मुंबईहून रात्री सुटणारी एखादी ट्रॅव्हल्स घ्या. पनवेल मागं पडलं की क्लीनर उठतो आणि ड्रायव्हरच्या मागच्या स्क्रीनला पेनड्राइव्ह लावतो. पिक्चर परवाच्या शुक्रवारी लागलेला असतो. वरच्या कोपऱ्यात सट्ट्याच्या ॲपचं नाव सरकत राहतं. मधूनच पडद्यासमोरून कुणाचं तरी डोकं जातं. विनोद झाला की कुठल्या तरी दूरच्या चित्रपटगृहातली माणसं हसतात आणि त्यांचं हसू आपल्या बसमध्ये ऐकू येतं. आवाज घुमतो, रंग विटलेले असतात, चौकट कलते. अख्खी बस बघते. घाट येईपर्यंत निम्मी झोपते. त्यात कुणालाच वावगं वाटत नाही, आणि वावगं वाटलेला एखादा असलाच तर तो कानात बोंडं घालतो.

आता कायदा बघा. सिनेमॅटोग्राफ कायद्यात २०२३ साली दुरुस्ती झाली. राज्यसभेनं २७ जुलैला आणि लोकसभेनं ३१ जुलैला ती मंजूर केली. त्यात दोन कलमं नव्यानं आली. पहिलं कलम चित्रपटगृहात बसून चोरून चित्रण करणाऱ्यासाठी आहे. दुसरं, परवाना नसलेल्या जागी चोरटी प्रत लोकांना दाखवून नफा कमावणाऱ्यासाठी. शिक्षा किमान तीन महिने, जास्तीत जास्त तीन वर्षं. दंड किमान तीन लाख, आणि तो चित्रपटाच्या लेखापरीक्षित निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत जाऊ शकतो. बसला चित्रपट दाखवायचा परवाना नाही. स्क्रीन दाखवून भाडं चार पैसे वाढवून घेतलं जातं, म्हणजे नफाही आला. माझ्या वाचनाप्रमाणे हे दुसरं कलम त्या बसमालकाला सरळ लागू पडतं. मालकाला म्हणतोय मी, क्लीनरला नव्हे. त्या पोराच्या हातात पेनड्राइव्ह कुणी दिला, हा प्रश्न आधी विचारायचा.

महाराष्ट्राकडे तर याहून जालीम कायदा आहे. एमपीडीए म्हणून तो सगळ्यांना ठाऊक आहे. १९८१ सालचा हा कायदा मुळात झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले आणि अमली पदार्थांचे गुन्हेगार यांच्यासाठी होता. २००९ साली त्यात व्हिडिओ पायरेट्स आले. मराठी मसुद्यात त्यांना 'दृकश्राव्य कलाकृतींचे विनापरवाना प्रदर्शन करणाऱ्या व्यक्ती' असं लांबलचक नाव आहे. पुढे २०१५ साली त्यांच्या शेजारी वाळू तस्कर येऊन बसले. म्हणजे आपल्या खाड्यांतून रात्री वाळू उपसणारा आणि चोरटा चित्रपट दाखवणारा एकाच कायद्याच्या नावात आहेत. या कायद्यानं माणसाला खटला न चालवता वर्षभरापर्यंत स्थानबद्ध करता येतं.

मला हा मार्ग मुळीच मान्य नाही. पिक्चर चोरला म्हणून खटल्याशिवाय वर्षभर आत, हा न्याय नव्हे. आणि एवढा मोठा सोटा हातात असला की तो उचलायलाच जड जातो, हेही आपण बघतो. तो उचलला जात नाही तोवर खाली कुणी साधी छडीसुद्धा हातात घेत नाही. रोजच्या रोज सुटणाऱ्या बसचा मालक ते ओळखून आहे.

म्हणून आजचं माझं म्हणणं एवढंच: शिक्षा छोटी ठेवा, पण ती चुकू देऊ नका. आणि त्याच्याच जोडीनं चित्रपट माणसाच्या हाताशी आणा. यातली एकच गोष्ट करून भागणार नाही.

छोट्या पण हमखास शिक्षेचा धाक काय असतो ते जर्मनीत शिकायला गेलेल्या मराठी मुलांना विचारा. तिथं पोचल्यावर सीनियर मंडळी ज्या गोष्टी कानात सांगतात त्यांत एक असते: टॉरेंटला हात लावू नकोस. आपल्याकडे कॉलेजच्या होस्टेलवर जे सर्रास चालतं ते तिथं केलं की काही आठवड्यांनी वकिलाचं पत्र येतं. त्यात चित्रपटाचं नाव असतं, तारीख असते, मिनिटापर्यंतची वेळ असते आणि त्या वेळचा आयपी पत्ता असतो. सोबत 'पुन्हा असं करणार नाही' असं लिहून द्यायचा कागद, आणि काहीशे युरोंचं बिल. पोलीस नाहीत, अटक नाही. पण त्या बिलात महिन्याचं खोलीभाडं जातं.

हे त्यांना जमतं कसं? टॉरेंटवर चित्रपट उतरवून घेताना त्याचे तुकडे तुमच्या मशीनवरून त्याच क्षणी दुसऱ्यांना जात असतात. म्हणजे तुम्ही नुसते घेणारे राहत नाही, वाटणारेही होता. हक्कधारकानं नेमलेली कंपनी त्या वाटपात सामील होऊन पत्ते टिपते. मग न्यायालयाच्या परवानगीनं इंटरनेट कंपनीकडून त्या पत्त्यामागचं नाव मिळवलं जातं. हे लोण कुटुंबापर्यंत जातं. २०१७ साली जर्मनीच्या संघीय न्यायालयासमोर रिहानाच्या एका अल्बमचं प्रकरण आलं. जोडणी आईवडिलांच्या नावावर होती. तीन मुलांपैकी हे कुणी केलं ते त्यांना माहीत होतं, पण त्यांनी नाव सांगितलं नाही. न्यायालय म्हणालं, मुलाचं नाव सांगायची सक्ती तुमच्यावर नाही, पण मग भरपाई तुम्हीच द्या. आणि त्यांना ती द्यावी लागली.

जर्मनीचं सगळं उचलून आणा असं मी म्हणणार नाही. तिथं वकिलांच्या कचेऱ्यांनी या पत्रांचा धंदा केला, बिलं इतकी फुगवली की २०१३ साली सरकारला कायदा करून फीवर मर्यादा घालावी लागली. पण मुलांवर जो परिणाम झाला तो झाला. जो मुलगा रत्नागिरीत असताना दर शुक्रवारी लिंक शोधायचा, तो तिथं महिन्याची वर्गणी मुकाट भरतो. मुलगा तोच आहे. फक्त तिथं बिल नक्की येणार हे त्याला माहीत आहे.

याच्या उलट फ्रान्स. तिथं २००९ साली हाडोपी नावाचा कायदा आला आणि त्यासाठी खास संस्था उभी राहिली. पहिली ताकीद, दुसरी ताकीद, आणि तिसऱ्या वेळी इंटरनेटच तोडायचं. जगभर गाजावाजा झाला. प्रत्यक्षात २०१३ च्या जूनमध्ये एका माणसाला पंधरा दिवस इंटरनेट तोडण्याची शिक्षा सुनावली गेली, आणि पुढच्याच महिन्यात सरकारनं ती शिक्षाच रद्द केली. जोडणी तोडणं म्हणजे घरातल्या पोरांचा अभ्यास, बायकोचं काम, आजोबांचा बँकेचा व्यवहार असं सगळंच तोडणं. शिक्षा अवाढव्य झाली की ती देणाराच कचरतो. आपल्या एमपीडीएला हे तंतोतंत लागू आहे.

जपाननं २०१२ च्या ऑक्टोबरपासून जाणूनबुजून चोरटा चित्रपट उतरवून घेणाऱ्यालाही दोन वर्षं कैद किंवा वीस लाख येन दंडाची तरतूद केली. तिथं गाजलेलं प्रकरण मात्र वेगळं आहे. अख्खा चित्रपट दहा मिनिटांत सांगणारे व्हिडिओ करून यूट्यूबवर टाकणाऱ्यांना २०२१ साली अटक झाली आणि पुढच्या वर्षी टोकियोच्या न्यायालयानं त्यांना तेरा कंपन्यांना मिळून पन्नास कोटी येन भरपाई द्यायला लावली. आपल्या मोबाइलवर रोज असे 'संपूर्ण कथा दहा मिनिटांत' किती येतात, आठवून बघा. स्वित्झर्लंडमध्ये मात्र घरात बसून स्वतःपुरतं उतरवून घेणं चालतं, पण पुढे वाटलं की गुन्हा. प्रत्येक देशानं रेघ वेगळ्या ठिकाणी मारली आहे. पण वाटणारा या रेघेच्या आत कुठंच येत नाही.

आपल्याकडे बघणाऱ्याचं काय? यावर मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती गौतम पटेल २०१६ साली स्वच्छ बोलले आहेत. तेव्हा बंद केलेल्या साइटवर इंटरनेट कंपन्या एक सूचना झळकवत होत्या. ती वाचून वाटे, हे पान नुसतं उघडलं तरी तीन वर्षं तुरुंग. न्यायमूर्तींनी ते दुरुस्त केलं: गुन्हा नुसतं बघण्यात नाही, तो परवानगीशिवाय वाटण्यात, जाहीर दाखवण्यात, विकण्यात किंवा भाड्यानं देण्यात आहे. त्याच वर्षी 'ढिशूम' चित्रपटाच्या वेळी निर्मात्यांनी मोठ्ठी यादी आणून अख्ख्या साइटी बंद करा म्हटलं, तेव्हाही त्यांनी आधी पडताळणी करा, नेमकी पानं दाखवा, मग बोलू असं सांगितलं. मला ही शिस्त आवडते. चोर पकडायच्या नादात निरपराधाचं दुकान बंद पाडायचं नसतं.

पण म्हणून हात झटकता येत नाहीत. आपण बघून थांबतो का? लिंक आली की ती आधी 'दहावी १९९८ बॅच' या ग्रुपवर जाते, मग वाडीच्या ग्रुपवर, मग सोसायटीच्या. दोनशे माणसांच्या ग्रुपवर अख्खा चित्रपट टाकणं म्हणजे वाटणंच. कॉपीराइट कायद्याच्या त्रेसष्टाव्या कलमात सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड आहे. हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे, हे सर्वोच्च न्यायालयानं मे २०२२ मध्ये स्पष्ट केलं. बॅचमधल्या एकालाही हे माहीत नसतं. पोलीस ठाण्यातल्या हवालदारालाही माहीत असेल, याची मला खात्री नाही.

२०१६ हे वर्ष आठवा. 'उडता पंजाब' प्रदर्शनाआधीच बाहेर आला, आणि त्या प्रतीवर सेन्सॉरसाठीची खूण होती. 'ग्रेट ग्रँड मस्ती' फुटला म्हणून त्याची तारीख २२ जुलैवरून १५ जुलैवर ओढावी लागली. आणि आपला 'सैराट'. २९ एप्रिलला लागला, चित्रपटगृहांवर हाऊसफुल्लचे बोर्ड होते आणि त्याच वेळी चोरटी प्रत मेमरी कार्डांतून गावोगाव हिंडत होती. मोबाइल रिचार्जच्या टपरीवर कार्ड द्यायचं, चहा पिऊन यायचं, गाण्यांबरोबर पिक्चरही भरलेला असायचा. त्याचे पैसे नागराज मंजुळेंना गेले नाहीत, झी स्टुडिओजला गेले नाहीत, गावातल्या चित्रपटगृहालाही गेले नाहीत. टपरीवाल्यानं ठेवले.

लगेच कुणीतरी म्हणतं, तरीही 'सैराट'नं विक्रम केलाच ना? केला. पण तो एकटा होता. बाकीच्या मराठी चित्रपटांचं आयुष्य शुक्रवार, शनिवार, रविवार एवढंच असतं. रविवारी रात्री आकडे बघून मल्टिप्लेक्सवाला सोमवारचे खेळ ठरवतो. त्या तीन दिवसांत शंभर माणसं ग्रुपवरच्या लिंकवर समाधान मानतात आणि सोमवारी दुपारचा एक खेळ उरतो, तोही भलत्या वेळी. ज्याचा चित्रपट दीडशे कोटींचा आहे त्याचं पोट त्यानं जरा कमी भरेल. ज्यानं जमीन गहाण टाकून दीड कोटीत चित्रपट काढला, त्याला दुसरा काढता येत नाही. पडद्यामागचा साऊंडवाला, मेकअपवाला, लाइटमन यांना 'उरलेले पैसे रिलीजनंतर' असं सांगितलेलं असतं. ते नंतर कधी येतच नाही. कोकणात चित्रीकरण झालं की लॉज, खानावळ, होडी, गाडी, शूटिंगला खळं देणारं घर अशी किती माणसं कमावतात ते गुहागर-दापोलीकडच्यांना सांगायला नको. ती साखळी त्याच तीन दिवसांवर लटकलेली असते.

आकडा हवा असेल तर तोही आहे. इंटरनेट अँड मोबाइल असोसिएशन आणि ईवाय या संस्थांच्या २०२४ मधल्या अहवालानुसार २०२३ साली देशातला पायरसीचा धंदा २२,४०० कोटींचा होता. त्यात चित्रपटगृहातून चोरलेल्याचा वाटा १३,७०० कोटी, ओटीटीवरून चोरलेल्याचा ८,७०० कोटी. उद्योगाच्या आकड्यांत उद्योगाचा स्वार्थ असतो, चोरटी प्रत बघणारा प्रत्येक जण तिकीट काढणारच होता असं मी मानत नाही. पण हा आकडा निम्मा केला, त्याचाही निम्मा केला, तरी जे उरतं ते लहान नाही. आणि ते पैसे कुणा गरिबाच्या घरात जात नाहीत. कोपऱ्यात सरकणारं ते सट्ट्याच्या ॲपचं नाव आठवा. फुकट चित्रपटाचं बिल तो ॲपवाला देतो, आणि वसूल करायला तो आपल्याच पोरांकडे येतो.

साइटी बंद करण्याचा उद्योग न्यायालयांनी बराच पुढं नेला आहे. एक बंद केली की दुसऱ्या नावानं तीच उघडते. म्हणून दिल्ली उच्च न्यायालयानं १० एप्रिल २०१९ ला असा आदेश दिला की मूळ साइटची नवी नक्कल उगवली तर नवा दावा न लावता तीही त्याच आदेशात घेता येईल. २०२३ साली त्याच न्यायालयानं अजून चित्रपट निघालेलाही नाही अशा पुढच्या कलाकृतींनाही हे संरक्षण दिलं. टेलिग्राम 'आमच्याकडची माहिती गोपनीय' म्हणत होतं, त्यालाही २०२२ मध्ये चॅनल चालवणाऱ्यांची माहिती द्यायला लावली. आणि २०२५ च्या नोव्हेंबरमध्ये हैदराबाद पोलिसांनी 'आयबोम्मा' चालवणाऱ्याला पकडलं, तेव्हा तेलुगू निर्मात्यांनी पोलिसांचे जाहीर आभार मानले. मनात आणलं तर पोलिसांना जमतं.

आपल्या राज्यात २०१७ पासून महाराष्ट्र सायबरचं डिजिटल क्राइम युनिट आहे. रत्नागिरीला सायबर पोलीस ठाणं आहे. केंद्रानं २०२३ च्या नोव्हेंबरमध्ये सेन्सॉर बोर्डात आणि पत्र सूचना कार्यालयात नोडल अधिकारी नेमले. त्यांच्याकडे तक्रार केली की ४८ तासांत चोरटी लिंक काढायला लावायची, अशी व्यवस्था आहे. तक्रार निर्मात्यानंच केली पाहिजे असंही नाही, तुम्हीआम्हीही करू शकतो. पण ४८ तास म्हणजे शुक्रवारी सकाळी तक्रार केली तर रविवारी सकाळ. तोवर काय शिल्लक राहिलं? मराठी चित्रपटासाठी पहिल्या तीन दिवसांत ही मुदत सहा तासांवर आणा. क्रिकेट सामन्याची चोरटी लिंक सामना चालू असताना बंद होते, मग हे का जमू नये?

आणि तोच आग्रह डिजिटल प्रोजेक्शनबाबत. आजकाल पडद्यावरच्या चित्रात डोळ्यांना न दिसणारी खूण असते. चोरटी प्रत मिळाली की तीवरून कोणत्या चित्रपटगृहात, कोणत्या वेळी चित्रण झालं ते काढता येतं. म्हणजे चोर कुठं बसला होता ते कळतं. चित्रपटगृहाच्या मालकाला एक साधा दंड, दुसऱ्या वेळी दुप्पट, तिसऱ्या वेळी आठवडाभर नवा चित्रपट नाही. एवढं केलं की डोअरकीपर आपसूक रांगेत फिरायला लागेल. बसचंही तेच. आरटीओचे अधिकारी महामार्गावर फिटनेस बघतात, परवाना बघतात, विमा बघतात. स्क्रीनवर चाललेला पिक्चर कुठून आणला हे विचारायला दोन मिनिटं लागतात. जागच्या जागी दंड घेण्याची तरतूद आज कायद्यात नाही. ती करा. दहा हजारांची पावती तीनदा फाटली की मालक स्वतः पेनड्राइव्ह काढून घेईल.

आता घरातलं. नमनाचा प्रयोग बघायला जा, गावात किंवा मुंबईतल्या नाट्यगृहात. गण झाला, गौळण उभी राहिली की पहिल्या चार रांगांतून मोबाइल वर येतात. कुणी फेसबुकवर थेट दाखवतं, कुणी दुसऱ्या दिवशी स्वतःच्या चॅनलवर टाकतं. वगनाट्याचा शेवट प्रयोग संपायच्या आत नालासोपाऱ्याला पोचलेला असतो. ज्या मंडळानं गणपतीनंतर तालमी केल्या, कपडेपट शिवला, मृदंग मढवला, ट्रक करून माणसं आणली, त्याच्या पुढच्या प्रयोगाच्या खुर्च्या रिकाम्या राहतात. जाखडीच्या शाहिरांचं तर विचारू नका. शक्ती-तुऱ्याच्या सामन्यात रात्रभर घसा फोडून म्हटलेलं पद भलत्याच नावानं लाखोंनी ऐकलं जातं आणि जाहिरातीचे पैसे अपलोड करणाऱ्याच्या खात्यात जातात. कलावंताच्या परवानगीशिवाय त्याच्या प्रयोगाचं चित्रण करता येत नाही, हे कॉपीराइट कायद्याच्या अडतिसाव्या कलमात आहे, आणि तो हक्क पन्नास वर्षं टिकतो. गावच्या शाहिराला हे कुणी सांगितलं का? त्याला वाटतं आपलं नाव तरी होतंय. नाव होतं आणि बिदागी तेवढीच राहते. जिल्ह्यातल्या कलावंतांच्या संघटनांनी हे कलम छापून प्रत्येक प्रयोगाच्या तिकीटखिडकीवर लावावं. ते लावायला कुणा मंत्र्याची सही लागत नाही.

एवढं बोलल्यावर दुसरी बाजू न बोलणं बेइमानी होईल. मंडणगडच्या माणसानं मराठी चित्रपट पहिल्या आठवड्यात बघायचा तर कुठं बघायचा? तालुक्याच्या गावांतली जुनी चित्रपटगृहं एकामागून एक बंद पडली, कुठं मंगल कार्यालय झालं, कुठं पत्रे उडालेली भिंत उरली. चित्रपट शहरात तीन दिवस लागतो आणि जातो. मग तो ओटीटीवर कधी येईल, येईल का, कुठल्या ॲपवर येईल, काही ठिकाण नाही. पैसे द्यायला तयार असलेल्या माणसालासुद्धा विकायला कुणी बसलेलं नाही. चोरटी प्रत मात्र शुक्रवारी रात्रीच हजर असते. निर्माते हो, हे तुमच्याकडून व्हायला हवं होतं.

माणूस पैसे देत नाही असं म्हणू नका. तुंबाड हे आपल्या खेड तालुक्यातलं गाव, श्री. ना. पेंडशांनी ते कादंबरीत अजरामर केलं. त्याच नावाचा राही बर्वे यांचा हिंदी चित्रपट २०१८ साली आला तेव्हा फारसा चालला नाही. मग लोकांनी तो घरी बघितला, परत परत बघितला. १३ सप्टेंबर २०२४ ला तो पुन्हा चित्रपटगृहांत लावला, तर पहिल्या वेळेपेक्षा जास्त कमाई झाली. फोनवर बघून झालेल्या चित्रपटासाठी माणसं तिकीट काढून गेली. म्हणजे चोरी हीच आपली आवड आहे, हा आरोप खोटा आहे.

तेव्हा एक नेमकी मागणी करतो. गणपतीत चाकरमानी गावात असतो, रात्री वाडीच्या मांडवात पडदा लावून पिक्चर दाखवायची पद्धत आजही आहे, आणि तो पिक्चर कुठून येतो हे सगळ्यांना माहीत आहे. मंडळाला चोरी करायची नसते. त्याला परवानगी कुणाकडे मागायची हेच कळत नाही, आणि कळलं तरी मुंबईच्या कचेरीत वाडीच्या मंडळाला कुणी उभं करत नाही. मराठी निर्मात्यांनी एका रात्रीचा, एका मांडवाचा परवाना काढावा. दोन-तीन हजार रुपये, पैसे फोनवरून, चित्रपट एका लिंकवर, सकाळी लिंक बंद. जिल्ह्यात नऊ तालुके आहेत, वाड्या हजारोंनी आहेत, आणि वर्गणीतून एवढे पैसे आमची मंडळं सहज देतील. येत्या भाद्रपदाच्या आत एका तरी निर्मात्यानं हा परवाना जाहीर करावा. पहिली मागणी आमच्या वाडीची धरा. पैसे आगाऊ पाठवतो.